चौदा डबे आणि काकांची सही : एका विसरलेल्या हिंदी मारधाडपटाचा प्रकरण अभ्यास

प्रकरणाआधी

जुन्या फिल्म तपासणं हे माझं काम. कुणाच्या माळ्यावर, गोदामात किंवा बंद पडलेल्या लॅबच्या सामानात डबे सापडले की मी जाते, फिल्म उलगडून पाहते आणि तिच्यात किती जीव उरलाय ते सांगते. हे प्रकरण २०२२ ते २०२४ या काळातलं. ओळख पटेल असं काही लिहायचं नाही या अटीवर घरच्यांनी परवानगी दिली, म्हणून सिनेमाचं, माणसांचं किंवा कंपन्यांचं नाव कुठेही येणार नाही. निर्मात्याच्या तीन मुलांना मी थोरला, ताई आणि धाकटा म्हणते, त्यांच्या चुलत्यांना काका.

पार्श्वभूमी

सिनेमा १९८९ मध्ये लागला. चौदा रिळं, रंगीत, स्कोप म्हणजे रुंद पडद्याचा, केवळ प्रौढांसाठीचं प्रमाणपत्र. निर्माता परळच्या चाळीत वाढलेला, गिरणी कामगाराचा मुलगा. बरीच वर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांवर प्रॉडक्शन सांभाळल्यावर त्याने स्वतःचं बॅनर काढलं. धाकटा भाऊ, म्हणजे हे काका, गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर, होते. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले, आणि त्यातल्या कितीतरी जणांसारखे काकाही परत आत गेले नाहीत. त्यांनी सातारा जिल्ह्यातली आपल्या वाट्याची जमीन विकली आणि पैसे भावाच्या सिनेमात घातले. बॅनर दोघांच्या भागीदारीत नोंदवलं गेलं. पुढचं सगळं या एका ओळीवर फिरतं, आणि मला ती ओळ तब्बल चार महिन्यांनी कळली.

त्या काळात सिनेमाला बँक दारात उभं करत नसे. सरकारने सिनेमाला उद्योगाचा दर्जा द्यायचं जाहीर केलं तेच मुळी १९९८ मध्ये. तोवर खासगी फायनान्सर, महिन्याचं व्याज आणि वितरकांची एमजी, म्हणजे किमान हमी, यावरच गाडी चालायची. फायनान्सरला तारण काय, तर निगेटिव्ह, म्हणजे जिच्यावरून थिएटरात दाखवायच्या प्रिंट निघतात ती मूळ फिल्म. निर्माता लॅबला पत्र द्यायचा की अमुक माणसाचे पैसे फिटेपर्यंत प्रिंट बाहेर सोडू नका. हे ‘लॅब लेटर’ सिनेमापेक्षा जास्त जगतं. पैसे फिटतात, माणसं जातात, पत्र फायलीत तसंच राहतं.

कथा सांगायलाच हवी, कारण सिनेमा वाचवायचा की नाही हे ठरवताना ती मध्ये आली. गोदीतल्या एका मजुराचे दोन मुलगे. मोठा मुलगा तस्करांच्या टोळीचा हिशेब ठेवतो. हातात बंदूक नाही, वही आहे. लहान मुलगा एका खुनाचा साक्षीदार होतो आणि खून टोळीनेच केलेला असतो. कोर्टात खरं बोललं तर भाऊ फासावर, नाही बोललं तर मेलेल्या माणसाची बायको रस्त्यावर. दोन भाऊ कायद्याच्या दोन बाजूंना, ही हिंदी सिनेमाची जुनी वाट. इथे मात्र निकाल वहिनी लावते. नवऱ्याची वही ती स्वतः दिराच्या हातात ठेवते. मारामाऱ्यांनी भरलेल्या सिनेमात तो प्रसंग स्वयंपाकघरात, जेमतेम चार मिनिटांचा, आणि पार्श्वसंगीताशिवाय आहे. शेवटची हाणामारी कुलाब्याच्या बंद मुकेश मिलमध्ये. त्याआधी लालबागहून शिवडीकडे एक लांब पाठलाग आहे, त्यात गिरणगावाच्या चिमण्या एकामागोमाग एक दिसत जातात. लालबागचा उड्डाणपूल २०११ चा, त्यामुळे पडद्यावरचा तो रस्ता वर आभाळ असलेला आहे. आता तो रस्ता तसा पाहायचा तर अशाच सिनेमांत.

सिनेमा पडला. सीपी-बेरार, म्हणजे विदर्भ आणि आसपासच्या वितरण विभागात, बरा चालला, मुंबईत दुसऱ्या आठवड्यात उतरला. चोरट्या व्हिडिओ कॅसेट तर होत्याच, पण प्रेक्षकही तोवर मारधाडीला कंटाळून गाण्यांच्या प्रेमकथांकडे वळू लागला होता. हिशेबावरून भावाभावांत बिनसलं. काका एक प्रिंट घेऊन गावी निघून गेले. दोघांचं बोलणं पुन्हा झालं नाही. निर्माता २०११ मध्ये वारला, त्याची पत्नी त्याच्याआधीच गेली होती.

अडचण

२०२२ मध्ये कुणीतरी जुन्या व्हिडिओ कॅसेटवरून हा सिनेमा इंटरनेटवर चढवला. कॉपी भयानक होती. स्कोपचं रुंद चित्र जुन्या टीव्हीच्या चौकटीत बसवताना चाळीस टक्क्यांहून जास्त भाग कापला जातो. एका प्रसंगात दोन भाऊ चौकटीच्या दोन टोकांना उभे आहेत. कॅसेटवर दोघेही नाहीत, मधली भिंत दिसते आणि भिंतीवर आवाज ऐकू येतात. तरीही लोकांनी तो पाहिला. मग हक्क विकत घेणाऱ्या एका कंपनीचा थोरल्याला फोन आला. एकरकमी पैसे, त्या बदल्यात जगभरातले, आज असलेल्या आणि पुढे येणाऱ्या सर्व माध्यमांचे हक्क कायमचे. अट अशी की निगेटिव्ह आणि मूळ कागद महिन्याभरात ताब्यात द्यायचे.

लॅब बंद झाली तेव्हा डबे थोरल्याने आणून धाकट्याच्या घराच्या माळ्यावर टाकले होते. थोरल्याने मला फोन केला. “मॅडम, निगेटिव्ह चालू आहे की गेली, एवढंच सांगा. बाकीचं मी बघतो.”

मी “बरं” म्हणाले. इथेच पहिली चूक झाली. सिनेमा कुणाचा, हे मी विचारलंच नाही. फोन करणाऱ्याचा असणार असं धरून चालले.

दुसरी चूक त्याच दिवशी. जायला मला तीन आठवडे होते आणि पावसाळा तोंडावर होता. मी धाकट्याला फोनवर म्हटलं, “डब्यांना दमट हवा लागू देऊ नका.” त्या बिचाऱ्याने मनापासून ऐकलं. एकेक डबा प्लास्टिकच्या पिशवीत घालून चिकटपट्टीने गच्च बंद केला.

डबे उघडले तेव्हा

त्या काळच्या अशा फिल्मला ॲसिटेटचा, म्हणजे एका प्रकारच्या प्लास्टिकचा, आधार असतो. उष्णता आणि ओल यांनी तो कुजू लागला की ॲसिटिक आम्ल सुटतं, व्हिनेगरसारखा आंबट वास येतो, फिल्म आकसते, वळते, कडक होते. वाईट गोष्ट अशी की सुटलेलं आम्लच कुजणं वाढवतं. एक डबा आंबला की शेजारचेही धोक्यात. म्हणून अशा फिल्मला थंड, कोरडी आणि खेळती हवा लागते. पिशवीत कोंडलं की आम्ल आतच फिरत राहतं.

पहिली पिशवी फाडली आणि खोलीत वास भरला. धाकटा माझ्याकडे बघत होता. पिशव्या माझ्या बोलण्यामुळे बांधल्या गेल्या होत्या, हे मी त्याला तिथेच सांगितलं. तीन आठवड्यांत नेमकं किती नुकसान वाढलं हे मोजता येत नाही. कुजणं वर्षानुवर्षांचं होतं. पण त्या तीन आठवड्यांची भर माझी.

आम्ल मोजायच्या कागदी पट्ट्या प्रत्येक डब्यात ठेवल्या. निळी पट्टी हिरवी होत पिवळ्याकडे जाते, जितकी पिवळी तितकं वाईट. चित्राच्या चौदा डब्यांपैकी बारा हिरव्याच्या अलीकडे होते. नववं आणि तेरावं रीळ पिवळं. तेराव्याचे थर एकमेकांना चिकटून वडी झाली होती. आवाजाची निगेटिव्ह वेगळी असते. तिचे चौदापैकी अकराच डबे होते. सहा, नऊ आणि तेराचे नव्हतेच.

बाकीच्या रिळांवर सांधे भरपूर, कडा झिजलेल्या. आपल्याकडे कितीतरी सिनेमांच्या साऱ्या प्रिंट मूळ निगेटिव्हवरूनच काढल्या गेल्या, मध्ये सुरक्षित नक्कल केली नाही, त्याचा हा परिणाम. पण रंग निगेटिव्हमध्ये शाबूत होते. दिव्याच्या टेबलावर पाठलागाचं रीळ सरकवताना उलट्या रंगांतल्या चिमण्या दिसल्या तेव्हा ठरवलं, हे काम अर्ध्यावर सोडायचं नाही.

मग पहिल्या रिळाच्या श्रेयनामावलीवर हात थांबला. बॅनरच्या नावात दोन आद्याक्षरं होती. थोरल्याला विचारलं, दुसरं कुणाचं? तो म्हणाला, “काकांचं. पण त्यांचा काही संबंध नाही आता.”

कागद

भागीदारीपत्र थोरल्याकडे नव्हतं. त्याच्याकडे सेन्सॉर प्रमाणपत्राची झेरॉक्स, १९९६ च्या एका कराराचं पहिलं पान आणि लॅब लेटरची प्रत, एवढंच होतं. त्या पहिल्या पानावर “सॅटेलाइट हक्क” लिहिलेलं, मुदत दुसऱ्या पानावर, आणि दुसरं पान गायब. खरेदीदाराचे वकील म्हणू लागले की हक्क आधीच कायमचे विकलेले दिसतात, त्यामुळे किंमत निम्मी करा.

दुसरं पान ताईकडे होतं. तिला कुणी काही विचारलंच नव्हतं. “लग्न झालंय तिचं, तिला कशाला त्रास,” असं थोरला म्हणाला आणि तो हे वाईट हेतूने म्हणाला नाही. त्याला खरंच तसं वाटत होतं. वडिलांच्या शेवटच्या दोन वर्षांत त्यांची औषधं आणि कागद दोन्ही ताईच सांभाळत होती. तिने एक हिरवी फाइल आणून टेबलावर ठेवली. आत भागीदारीपत्र होतं, निम्मानिम्म्याचं. १९९६ चा पूर्ण करार होता, दहा वर्षांचा, म्हणजे २००६ ला संपलेला. आणि फायनान्सरने स्वतःच्या हाताने लिहिलेली पावती होती, सगळे पैसे मिळाल्याची. ज्या लॅब लेटरने सगळ्यांची झोप उडवली होती, ते त्या पावतीने निकालात निघालं.

वकिलांनी जे समजावलं ते थोडक्यात असं. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे सिनेमाचा हक्क प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षारंभापासून साठ वर्षं टिकतो, म्हणजे हा सिनेमा २०४९ च्या अखेरपर्यंत घरचाच. हक्क देणं लेखीच असावं लागतं. करारात मुदत लिहिली नसेल तर पाच वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर भारत. २०१२ च्या दुरुस्तीने असंही म्हटलं की करार करताना जे माध्यम अस्तित्वात नव्हतं त्याचे हक्क, स्पष्ट उल्लेख नसेल तर, दिले गेले असं धरायचं नाही. पण १९९६ च्या कराराला हे लावायचं का यावर वाद होऊ शकतो, म्हणून त्यावर विसंबू नका, असंही ते म्हणाले. दहा वर्षांची मुदत संपली आहे, तेवढं पुरेसं आहे.

भागीदारीचं उत्तर जास्त कडू होतं. एक भागीदार वारला, पण दुसरा हयात आहे. निम्मा हक्क काकांचा. उरलेला निम्मा तिन्ही भावंडांत सारखा, कारण वडिलांनी मृत्युपत्र केलं नव्हतं आणि १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याप्रमाणे बापाच्या स्वकष्टार्जित मिळकतीत मुलीचा वाटा मुलाइतकाच. थोरला ज्याला “माझा सिनेमा” म्हणत होता त्यात त्याचा वाटा सहावा. खोलीत कुणी काही बोललं नाही. मग ताई म्हणाली, “दादा, काकांना फोन तू करणार की मी?”

त्याने केला नाही. तिने केला.

पर्याय

चार पर्याय होते.

सगळं विकून मोकळं व्हायचं. थोरल्याला हेच हवं होतं आणि त्याची गरज खरी होती, डोक्यावर कर्ज होतं. त्याला लोभी म्हणणं अन्याय होईल. पण कंपनी निगेटिव्हवरून नवं स्कॅन करेलच असं करारात कुठेच नव्हतं. निगेटिव्ह फक्त ताब्यात हवी होती. मग ती कुठल्या गोदामात आंबली असती कोण जाणे.

दुसरा, पुण्याच्या राष्ट्रीय फिल्म संग्रहालयात डबे ठेवायला देणं. हे संग्रहालय १९६४ पासूनचं, २०२२ मध्ये एनएफडीसीत, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात, विलीन झालेलं. ठेव दिली म्हणून कॉपीराइट जात नाही, हे पटवायला मला बराच वेळ लागला. “सरकारकडे गेलं म्हणजे गेलं,” ही भीती फार जुनी आहे. या पर्यायात डबे सुरक्षित, पण हातात पैसा नाही.

तिसरा, धाकट्याचा. स्वतः खर्च करून सिनेमा नव्यासारखा करायचा, आवाज आजच्या थिएटरसारखा, नवं पार्श्वसंगीत, शिवाय सेन्सॉरने कापलेली दृश्यं परत. त्याचं सिनेमावर जिवापाड प्रेम होतं. पण खर्च त्याच्या आवाक्याबाहेरचा. आणि प्रमाणपत्र कापलेल्या आवृत्तीचं आहे, कापलेले तुकडे जोडून थिएटरात दाखवायचं तर नव्याने बोर्डापुढे जावं लागलं असतं. तुकडे हाती नव्हतेच.

चौथा मी मांडला, ताईने उचलून धरला. हक्क विकायचे नाहीत, पाच वर्षांसाठी वापरायला द्यायचे. स्कॅनचा खर्च घेणाऱ्याने करायचा, स्कॅनची एक पूर्ण प्रत घरच्यांची, आणि काम संपलं की डबे पुण्याला. यात रक्कम पहिल्या पर्यायापेक्षा पुष्कळ कमी होती.

निर्णय अडला तो थोरल्यापाशी. मी त्याला पाठलागाच्या रिळातली पाच फूट फिल्म भिंगातून दाखवली. त्याने बराच वेळ पाहिलं. “हा आमचा नाका आहे,” म्हणाला. तरी सही करायला त्याने आणखी दोन महिने घेतले. भावनेच्या भरात तो लगेच हो म्हणाला असता तर मला जास्त काळजी वाटली असती.

काकांकडे

ताई आणि मी साताऱ्याला गेलो. काका ऐंशीच्या पुढचे, कानाने कमी, बाकी ठणठणीत. पहिला तासभर त्यांनी सिनेमाचं नावही काढलं नाही. पाऊस, ज्वारी, ताईच्या मुलांच्या शाळा. मग अचानक म्हणाले, “प्रिंट हाय.”

कुठे?

“तंबूवाल्याकडं.”

१९९० च्या सुमाराला त्यांनी प्रिंट एका टूरिंग टॉकीजवाल्याला दिली होती. पुसेगावच्या सेवागिरी महाराजांच्या यात्रेत, आणखी कुठल्या कुठल्या जत्रांत, तंबूत तो सिनेमा अनेक वर्षं चालला. मुंबईत दोन आठवड्यांत मेलेला सिनेमा माणदेश-खटावच्या जत्रांत जिवंत होता आणि निर्मात्याच्या घरात कुणाला त्याची खबर नव्हती. तंबूवाला वर्षाकाठी काकांना थोडे पैसे द्यायचा. काकांनी त्याची वही ठेवली होती. ती वही त्यांनी ताईपुढे टाकली. “निम्मं तुझ्या बापाचं. त्यानं कधी मागितलं न्हाई, मी पाठवलं न्हाई. बघ हिशेब.”

ताईने वही उघडली नाही. “काका, हिशेब नंतर. सही करताय का?”

“पोरी, सही करतो. पर त्या थोरल्यानं हितं यायला पायजे.”

ही अट कुठल्या करारात बसत नाही, पण त्या दिवशी तीच सगळ्यात मोठी अट होती. मी ताईला म्हटलं, आपण थोरल्याला गळ घालायची नाही, निरोप फक्त पोचवायचा. माझा हा सल्ला योग्य होता का, मला अजून सांगता येत नाही. थोरला गेला, पण सात आठवड्यांनी.

प्रत्यक्ष काम

प्रिंट तंबूवाल्याच्या पत्र्याच्या पेटीत मिळाली. गुलाबी पडलेली. जुन्या रंगीत प्रिंटमधला निळसर रंग आधी उडतो आणि लाल-जांभळा मागे राहतो. चित्रावर उभ्या रेघांचा पाऊस. दिवसाला जास्त खेळ बसावेत म्हणून त्याने गाणी कापली होती, कापलेली गाणी मात्र टाकून दिली होती. पण सहाव्या, नवव्या आणि तेराव्या रिळांचा आवाज प्रिंटच्या कडेला होता. ज्या डब्यांत आमच्याकडे आवाजच नव्हता, तिथला प्रत्येक शब्द. गाणी निगेटिव्हमध्ये होतीच, आवाजासह. नशिबाने त्या तीन रिळांत एकही गाणं नव्हतं.

बारा चांगल्या रिळांचं स्कॅन ४के वर, म्हणजे जास्त बारकाव्याने, केलं, पुढचं काम २के वर, म्हणजे त्याहून कमी बारकाव्याने. पैसे कमी असताना स्कॅन उत्तम आणि सफाई मर्यादित ठेवायची, उलटं करायचं नाही, असं माझं मत आहे. सफाई पुन्हा करता येते, आकसत जाणारी फिल्म पुन्हा स्कॅन करायला मिळेल याची खात्री नसते. नववं रीळ दातेऱ्या चाकांशिवाय चालणाऱ्या स्कॅनरवर हळूहळू काढलं. त्यातला सुमारे दोन मिनिटांचा तुकडा गेला होता. प्रिंटमध्येही तिथेच चित्र फाटलं होतं, कडेची आवाजाची पट्टी तेवढी शाबूत होती. तेरावं रीळ पूर्ण प्रिंटवरून घ्यावं लागलं.

तेराव्या रिळात वहिनीचा स्वयंपाकघरातला प्रसंग आहे.

घेणाऱ्या कंपनीने सुचवलं की संगणकाच्या बुद्धीने तो प्रसंग बाकीच्यांशी जुळेल इतका स्वच्छ करू. नमुना पाहिला. अभिनेत्रीची त्वचा मेणासारखी गुळगुळीत झाली होती आणि डोळ्यांखालचा थकवा पुसला गेला होता. तो थकवा म्हणजेच तो प्रसंग. मी नको म्हटलं, ताईनेही. रंग जितका सुधारता आला तितका सुधारला, रेघा काढल्या, चित्राचा भरड पोत तसाच ठेवला. तिथे सिनेमा एकदम वेगळा दिसतो, हे आम्हाला मान्य आहे. नवव्या रिळातल्या हरवलेल्या दोन मिनिटांत आवाज चालू ठेवून त्या प्रसंगाचे दोन फोटो लावले, थिएटरबाहेर लागायच्या फोटोसेटमधले. ते ताईच्या हिरव्या फायलीत होते.

धाकट्याचा नव्या पार्श्वसंगीताचा आग्रह हा दुसरा कठीण क्षण. मूळ मोनो, म्हणजे एकाच वाहिनीचा, आवाजच ठेवायचा यावर मी ठाम होते. शेवटी त्याला तो स्वयंपाकघरातला प्रसंग पुन्हा दाखवला आणि विचारलं, इथे संगीत कुठून सुरू करशील? त्याने तीनदा पाहिला. मग विषय सोडला.

गाण्यांचे हक्क १९८८ मध्येच एका म्युझिक कंपनीला दिलेले होते. सिनेमाचा भाग म्हणून गाणी दाखवता येतात, सुटी करून विकता येत नाहीत. हे करारात वेगळं कलम घालून लिहिलं, नाहीतर इंटरनेटवर चढवल्याच्या दुसऱ्या दिवशी दावा आला असता.

निष्पत्ती

पाच वर्षांच्या करारावर २०२३ च्या अखेरीस चौघांच्या सह्या झाल्या. पैसे काका निम्मे आणि भावंडं उरलेले, असे वाटले गेले. काकांनी आपल्यातून टूरिंग टॉकीजवाल्याला काही दिले, ते कुणाला विचारून नाही. थोरल्याचं कर्ज या रकमेत फिटलं नाही. त्याने ते मला दोनदा ऐकवलं आणि त्याचं चुकलं असं मी म्हणणार नाही. एकरकमी विक्रीत ते फिटलं असतं.

निगेटिव्ह आणि प्रिंट, दोन्ही पुण्याला ठेव म्हणून गेल्या. तेराव्या रिळाची वडीही गेली. आज ती उलगडत नाही, तरी टाकायची नाही असं ठरलं.

घरच्यांसाठी सिनेमा काकांच्या गावी, त्यांच्या अंगणात भिंतीवर दाखवला. काका पाठलागापर्यंत गप्प होते. चिमण्या आल्यावर त्यांनी गिरण्यांची नावं घ्यायला सुरुवात केली, क्रमाने, एकही न चुकता. थोरला शेजारी बसून ती मोबाइलवर लिहून घेत होता.

आज काय वेगळं करेन

पहिल्या फोनलाच तीन प्रश्न विचारेन : बॅनरवर कुणाकुणाचं नाव होतं, त्यातलं कोण हयात आहे, आणि कागद घरात कुणी सांभाळले. चार महिने वाचले असते आणि काकांना आपल्याला शेवटी आठवलं असं वाटलं नसतं. ते त्यांना वाटलं, त्यांनी बोलून दाखवलं.

फोनवर साठवणुकीचा सल्ला अर्ध्या वाक्यात देणार नाही. आता मी लेखी पाठवते : डबे आडवे ठेवा, प्लास्टिकात बांधू नका, वास येणारे डबे वेगळ्या खोलीत, पंखा चालू, माळा नको.

प्रिंटचा शोध निगेटिव्ह तपासल्यावर नाही, त्याच दिवशी सुरू करेन. वितरक, थिएटरं आणि जत्रांत फिरणारे तंबूवाले, तिघांकडेही. आम्ही तंबूवाल्यापर्यंत पोचलो ते योगायोगाने. त्याचा मुलगा ती पेटी विकायला भंगारवाल्याशी बोलून बसला होता.

थोरल्याच्या कर्जाचा विचार आम्ही पुरेसा केला नाही. घेणाऱ्या कंपनीकडून त्याच्या वाट्याची काही उचल आधी मागता आली असती. काका आणि ताई दोघंही त्याला राजी झाले असते असं ताई नंतर म्हणाली. तेव्हा कुणाला सुचलं नाही, मलाही नाही. मी फिल्मकडे बघत होते.

नवव्या रिळातली ती दोन मिनिटं अजून मिळालेली नाहीत. सीपी-बेरारच्या वितरकाकडे किती प्रिंट गेल्या याचं एक चलन फायलीत आहे, त्यावर सहा लिहिलेलं आहे. ताई आता भुसावळला जाणार आहे, थोरला गाडी चालवणार आहे.